धूर कोरब्याला, वीज गोव्यात: आपल्या कार्बनचा हिशेब

माननीय संपादक महोदय,

गोव्यात कोळशावर चालणारे मोठे वीज केंद्र नाही, सिमेंटची भट्टी नाही, राज्याचा साठ टक्के भूभाग झाडांखाली आहे. मग हवेत वाढणाऱ्या कार्बन डाय-ऑक्साइडशी आमचा संबंध तो काय, असा प्रश्न वाचकांच्या पत्रांतून आणि ग्रामसभांतून अधूनमधून ऐकू येतो. त्याच्या जोडीला बहुधा दुसरा युक्तिवाद असतो: हा वायू निसर्गच सोडतो, ज्वालामुखी सोडतात, समुद्र सोडतो, कुजणारा पाला सोडतो, इतकेच काय आपला श्वासही सोडतो; त्यात माणसाच्या यंत्रांचा वाटा तो केवढा असणार? मी उच्च माध्यमिक विद्यालयात रसायनशास्त्र शिकवीत असे, त्यामुळे हे दोन्ही प्रश्न मला विद्यार्थ्यांच्या तोंडून परिचयाचे आहेत आणि ते प्रामाणिकपणे विचारले जातात असेच मी मानतो. मात्र दुसऱ्या प्रश्नाचा निकाल लागल्याखेरीज पहिल्याला हात घालण्यात अर्थ नाही, म्हणून क्रम उलटा घेतो.

निसर्ग हा वायू सोडतो हे खरेच आहे, आणि तो माणसापेक्षा कितीतरी पट अधिक सोडतो. झाडे, माती आणि समुद्र मिळून वर्षाकाठी सातशे अब्ज टनांहून अधिक कार्बन डाय-ऑक्साइड वातावरणात सोडतात. परंतु तेवढाच, किंबहुना त्याहून थोडा अधिक, परत शोषूनही घेतात. माणसाची भर वर्षाला सुमारे ४१ अब्ज टनांची आहे. त्यातील ३७ अब्ज टनांच्या आसपास कोळसा, खनिज तेल व नैसर्गिक वायू जाळण्यातून आणि सिमेंट तयार करण्यातून येते, उरलेली जंगलतोड व जमिनीच्या वापरातील बदलांतून. कुळागरातील तळीचा विचार करावा. झऱ्याचे येणारे पाणी आणि पाटाने जाणारे पाणी सारखे असेल तोवर तळीची पातळी वर्षानुवर्षे एकच राहते; तिच्यात कोणी बाहेरून एक नळी सोडली, तर त्या नळीची धार झऱ्याच्या विसाव्या हिश्शाएवढी असली तरी पातळी चढू लागते. पाट थोडा अधिक वाहू लागतो, पण नळीचे सगळे पाणी वाहून नेण्याइतका नाही.

हे केवळ दृष्टांतावर सोडण्याची गरज नाही, कारण साध्या वजाबाकीने ते पडताळता येते. कोरड्या हवेच्या दर दहा लाख रेणूंमागे कार्बन डाय-ऑक्साइडचे किती रेणू आहेत, या मापाने त्याचे प्रमाण मोजतात. या मापात एका रेणूची वाढ होण्यासाठी साऱ्या वातावरणात ७.८ अब्ज टन वायूची भर पडावी लागते. माणूस दरवर्षी सोडतो तो सगळा वायू हवेतच राहिला असता, तर प्रमाण वर्षाला पाचपेक्षा थोडे अधिकने वाढले असते. प्रत्यक्षात ते अडीचच्या आसपास वाढते. याचा अर्थ माणसाने सोडलेल्यापैकी निम्मा वायू समुद्र आणि जमिनीवरील वनस्पती मिळून गिळत आहेत. ज्या निसर्गाच्या माथी आपण वाढीचे खापर फोडू पाहतो, तो एकंदरीत देणारा नसून घेणारा ठरतो. जगातील सर्व ज्वालामुखींचे उत्सर्जन तर मानवी उत्सर्जनाच्या एक टक्काही भरत नाही.

येथे एक जाणकार वाचक आक्षेप घेऊ शकेल. दोनापावला येथील राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेच्या शास्त्रज्ञांनी दाखवून दिले आहे की आपल्या समोरचा अरबी समुद्र हा घेतो त्यापेक्षा अधिक कार्बन डाय-ऑक्साइड हवेत सोडतो, कारण नैऋत्य मान्सूनच्या वाऱ्यांमुळे खोलवरचे थंड, कार्बनने समृद्ध पाणी पृष्ठभागावर येते. हे निरीक्षण बरोबरच आहे. पण मान्सून काही कारखान्यांच्या पाठोपाठ आलेला नाही. तो हजारो वर्षे वाहतो आहे आणि अरबी समुद्राची ही सवय जुन्या समतोलाचाच भाग होती. जगातले सगळे समुद्र एकत्र धरले, तर ते आज मानवी उत्सर्जनाचा सुमारे चौथा हिस्सा शोषून घेतात. श्वासाचा मुद्दाही असाच निकाली निघतो. माणूस दिवसाला साधारण एक किलो कार्बन डाय-ऑक्साइड उच्छ्वासावाटे सोडतो, परंतु तो कार्बन त्याने खाल्लेल्या भातातून आणि नारळातून आलेला असतो, आणि भाताने व माडाने तो गेल्या एक-दोन वर्षांत हवेतूनच घेतलेला असतो. घेतले तेच परत केले, शिल्लक शून्य. कोळशाचा कार्बन मात्र कोट्यवधी वर्षांपूर्वी हवेतून गेलेला, जमिनीत पुरलेला, खात्यातून जणू बाद झालेला असतो. तो आपण एका शतकात उकरून परत आणत आहोत.

पूर्वी हवा कशी होती हे कळते कसे, असेही विचारले जाते. अंटार्क्टिकाच्या बर्फात जुन्या हवेचे बुडबुडे थराथरांनी अडकलेले असतात, आणि त्या बर्फाचे लांब दंड काढून गेल्या आठ लाख वर्षांची हवा मोजली गेली आहे. हिमयुगे आली आणि गेली, तरी या सर्व काळात हे प्रमाण दहा लाखांमागे साधारण १७० ते ३०० या मर्यादेतच हलत राहिले, आणि यंत्रयुगाच्या आरंभी, म्हणजे १७५० च्या सुमारास, ते २८० होते. बर्फाचे असे दंड अभ्यासणारी आपल्या देशातील प्रमुख प्रयोगशाळा वास्को येथे हेडलँड सडा टेकडीवरील राष्ट्रीय ध्रुवीय आणि महासागर संशोधन केंद्रात आहे, हे अनेक गोमंतकीयांना ठाऊक नसते. भारताची पहिली अंटार्क्टिका मोहीमही डिसेंबर १९८१ मध्ये गोव्याहूनच निघाली होती. बर्फाच्या नोंदीपुढची गोष्ट अशी की १९५८ पासून चार्ल्स डेव्हिड कीलिंग यांनी हवाईच्या मौना लोआ पर्वतावर थेट मोजणी सुरू केली, तेव्हा आकडा ३१५ च्या आसपास होता. २०२४ ची वार्षिक सरासरी ४२४ च्या पुढे गेली.

आता वाढलेला हा कार्बन कोळशा-तेलाचाच कशावरून? या प्रश्नाचे उत्तर शोधण्यात गोव्याच्या भूमीचाही हात आहे, आणि त्याविषयी थोडे विस्ताराने लिहिण्याचा मोह मला आवरत नाही. काणकोण तालुक्यातील काब द राम येथे, समुद्रावर झेपावलेल्या कड्याजवळ, १९९३ पासून सुमारे दशकभर अहमदाबादची भौतिकी संशोधन प्रयोगशाळा आणि ऑस्ट्रेलियाची राष्ट्रीय विज्ञान संस्था यांनी मिळून काचेच्या फ्लास्कांत हवेचे नमुने गोळा केले. जागेची निवड विचारपूर्वक झाली होती. जून ते सप्टेंबर या काळात तेथे पोचणारा वारा दक्षिण गोलार्धाकडून, हजारो किलोमीटर खुल्या समुद्रावरून येतो, आणि वाटेत ना शहर ना कारखाना. हिवाळ्यात तोच वारा ईशान्येकडून, म्हणजे भारतीय भूखंडावरील चुली, वाहने आणि धुराडी ओलांडून येतो. एकाच कड्यावर उभे राहून वर्षातून दोनदा दोन वेगळ्या जगांची हवा मोजता येते, आणि हिवाळ्यातील हवेत भूखंडाचा ठसा स्पष्ट उमटतो. या नमुन्यांत केवळ कार्बन डाय-ऑक्साइडचे प्रमाण नव्हे, तर त्यातील कार्बनचा प्रकारही तपासला गेला.

प्रकाराचे महत्त्व असे. निसर्गात स्थिर कार्बन दोन वजनांचा असतो, बहुतांश १२ आणि शेकडा एकाच्या आसपास १३. वनस्पती हवा घेताना हलक्या कार्बनला झुकते माप देतात, म्हणून झाडांत, आणि त्या झाडांपासून बनलेल्या कोळशात व जुन्या समुद्री जीवांपासून बनलेल्या तेलात, जड कार्बन तुलनेने कमी असतो. असे इंधन जगभर जाळले की हवेतील जड कार्बनचा हिस्सा घटला पाहिजे. आणि काब द रामपासून मौना लोआपर्यंत तो घटतच आलेला दिसतो. तरीही कोणी म्हणेल की हलका कार्बन जळालेल्या जंगलातूनही येऊ शकतो. त्यावर तिसरा पुरावा आहे. कार्बन-१४ हा किरणोत्सारी प्रकार ५,७३० वर्षांत निम्मा होतो, त्यामुळे आजच्या लाकडात तो असतो आणि कोट्यवधी वर्षांच्या कोळशात त्याचा मागमूसही उरलेला नसतो. हान्स स्यूस यांनी १९५५ मध्येच दाखवले की हवेतील कार्बन-१४ पातळ होत चालला आहे, म्हणजे अतिप्राचीन कार्बनची भर पडते आहे. शिवाय हवेतील ऑक्सिजनही किंचित का होईना घटतो आहे, जसा तो काही जळत असेल तरच घटावा. ज्वालामुखी वायू ओकतो तेव्हा त्याला हवेतला ऑक्सिजन लागत नाही. चार वेगळ्या वाटांनी गेलेले साक्षीदार एकाच दाराशी येऊन थांबतात, तेव्हा त्या दाराआड कोण आहे याबद्दल वाद घालण्यात मला तरी स्वारस्य नाही.

एवढे झाल्यावर आपल्या घराकडे वळू. विद्यार्थ्यांना सर्वांत अविश्वसनीय वाटणारी गोष्ट ही असे की एक लिटर पेट्रोल, ज्याचे वजन जेमतेम पाऊण किलो, ते जळल्यावर सुमारे २.३ किलो कार्बन डाय-ऑक्साइड बाहेर पडतो. वस्तू जळून तिप्पट वजनाची कशी होईल? उत्तर एवढेच की कार्बनचा प्रत्येक अणू हवेतील ऑक्सिजनचे दोन अणू पकडतो, आणि १२ वजनाच्या अणूचा ४४ वजनाचा रेणू होतो. डिझेलचे हेच प्रमाण लिटरमागे २.६ ते २.७ किलो आहे. स्वयंपाकाच्या सिलिंडरमधील १४.२ किलो गॅस संपतो तेव्हा ४२ किलोंहून अधिक कार्बन डाय-ऑक्साइड स्वयंपाकघराच्या खिडकीतून बाहेर गेलेला असतो. रोज एक लिटर पेट्रोल जाळणारी दुचाकी वर्षाला साडेआठशे किलोंच्या जवळ जाते. आपल्याकडे कामावर जाणाऱ्यांना कदंबची आणि खाजगी बसची वेळ जुळत नाही, संध्याकाळी सातनंतर गावाकडची बस मिळत नाही, म्हणून घरात माणशी एक दुचाकी ही चैन न राहता गरज झाली आहे. त्यात पर्यटकांच्या भाड्याच्या गाड्यांची भर. वनमहोत्सवात दुचाकीमागे एक रोप लावून हिशेब फिटला असे मानणाऱ्यांनी एवढे लक्षात घ्यावे की वाढलेले झाड वर्षाला वीसेक किलो कार्बन डाय-ऑक्साइड शोषते असे धरले, तरी त्या एका दुचाकीसाठी चाळीसहून अधिक झाडे लागतील, आणि ती तोडली गेली वा जळाली तर सारी जमा पुन्हा नावे पडेल.

पेट्रोल निदान येथे जळते. विजेचे तसे नाही. गोव्याला मिळणारी वीज मोठ्या प्रमाणावर छत्तीसगडमधील कोरबा आणि मध्य प्रदेशातील विंध्याचल यांसारख्या कोळशावरील केंद्रांतून येते, जोडीला तारापूर व काक्रापार येथील अणुवीज आणि इतर स्रोतांचा वाटा असतो. देशाच्या जाळ्यातील सरासरी विजेच्या एका युनिटमागे सुमारे ७०० ग्रॅम कार्बन डाय-ऑक्साइड हवेत जातो. मे महिन्याच्या रात्री दीड टनाचे वातानुकूलन यंत्र आठ तास चालले की दहाएक युनिटे होतात, म्हणजे एका खोलीच्या एका रात्रीच्या झोपेसाठी सात किलो. कळंगुट-कांदोळीच्या किनाऱ्यावरील हॉटेलांच्या खोल्या मोजायला मी बसलो नाही. ती हवा स्वच्छ वाटते याचे कारण धुराडे येथून कितीतरी लांब आहे. कोरब्याच्या माणसाला मात्र राख आणि धूर दोन्ही मिळतात, आणि आमच्याकडे हिरवे राज्य म्हणून मिरवायला आम्ही मोकळे राहतो.

सिमेंटचेही तसेच. चुनखडक तापवला की त्याचे ४४ टक्के वजन कार्बन डाय-ऑक्साइड बनून उडून जाते, मग भट्टी कोळशावर चालवा की सूर्यप्रकाशावर. सिमेंटच्या एकूण उत्सर्जनातील निम्म्याहून अधिक भाग या विघटनाचाच असतो. आपल्या जुन्या चिऱ्यांच्या घरांत वापरला जाणारा शिंपल्यांचा चुनाही भट्टीत असाच वायू सोडत असे, पण तो चुना भिंतीत घट्ट होताना हवेतून तेवढाच वायू परत घेई, म्हणून जळणाचा भाग वगळला तर त्याचा हिशेब बराचसा मिटत असे. सिमेंट काँक्रीटही काही अंश परत घेते, पण सावकाश आणि अपुरा. जुन्या घरांच्या आठवणीने गहिवरण्याचा माझा हेतू नाही, कारण आजच्या संख्येने घरे चिरे-चुन्यात बांधणे शक्यही नाही. मात्र भाड्यानेही न जाणारी, वर्षातील अकरा महिने कुलूपबंद राहणारी दुसऱ्या-तिसऱ्या घरांची संकुले डोंगर कापून उभी राहतात, तेव्हा त्यांच्यात ओतलेल्या सिमेंटची गरज कोणाला होती हा प्रश्न रास्तच आहे.

खरी अडचण खनिज आणि कोळशाच्या बाबतीत येते, आणि याच विषयावर आपल्याकडे सर्वांत कमी बोलले जाते. लोहखनिज म्हणजे गंजलेले लोखंड. त्यातील ऑक्सिजन काढून घेतल्याखेरीज लोखंड हाती लागत नाही, आणि तो काढून घेण्याचे काम झोतभट्टीत कोळशापासून बनवलेला कोक करतो. कोकचा कार्बन खनिजाचा ऑक्सिजन पळवतो आणि कार्बन डाय-ऑक्साइड होऊन निघून जातो. म्हणजे येथे कोळसा केवळ उष्णतेसाठी नसून रासायनिक क्रियेचाच घटक असतो, आणि म्हणूनच पोलाद हा कार्बनमुक्त करायला सर्वांत अवघड अशा उद्योगांपैकी एक समजला जातो. या मार्गाने एक टन पोलाद तयार होताना सुमारे दोन टन कार्बन डाय-ऑक्साइड निर्माण होतो. २०१०-११ या वर्षी गोव्यातून चार कोटी टनांहून अधिक खनिज निर्यात झाले, मुख्यतः चीनला. आपले खनिज कमी प्रतीचे, त्यात लोखंडाचा अंश निम्म्यापेक्षा थोडा अधिक. ढोबळमानाने दोन कोटी टन लोखंड आणि त्यामागे चार कोटी टन कार्बन डाय-ऑक्साइड. गोव्याची लोकसंख्या तेव्हा पंधरा लाखांच्या आत होती. भागाकार केला तर माणशी पंचवीस टनांहून अधिक येतात, आणि भारताचे इंधनजन्य दरडोई उत्सर्जन आजही दोन टनांच्या आसपासच आहे.

हे उत्सर्जन आंतरराष्ट्रीय नियमांनुसार चीनच्या खात्यात मांडले जाते, कारण जेथे जळते तेथे ते मोजले जाते, आणि हा नियम चुकीचा आहे असे मी म्हणत नाही. खाणींवर ज्यांचे घर चालत होते त्या ट्रकमालकांना, बार्जमालकांना आणि कामगारांना दोषी ठरवण्याचाही माझा उद्देश नाही. ऑक्टोबर २०१२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाने आणि पुन्हा मार्च २०१८ मध्ये खाणी थांबल्या, तेव्हा डिचोली, सत्तरी, सांगे, केपे या तालुक्यांत काय झाले हे सर्वांनी पाहिले आहे. माझे म्हणणे इतकेच की खाणींवरील आपल्या सगळ्या चर्चेत लाल धूळ होती, आटलेल्या विहिरी होत्या, शेतात उतरलेला गाळ होता, महसूल होता, भ्रष्टाचार होता. पण त्या खनिजाचा शेवट कोणत्या वायूत झाला हे मात्र कधी आलेच नाही. आता खाणपट्ट्यांचे लिलाव होऊन नवे पर्व सुरू होत असताना तरी ते यावे.

मुरगाव बंदरातील कोळशाबद्दल आंदोलने झाली, आणि ती योग्यच होती. परंतु वास्कोच्या खिडक्यांवर बसणारी काळी पूड आणि कार्बन डाय-ऑक्साइड या दोन निराळ्या गोष्टी आहेत. पूड झाकणांनी, पाण्याच्या फवाऱ्यांनी, बंदिस्त पट्ट्यांनी कमी करता येते. उद्या ती पूर्ण थांबली तरी वाघिणीत भरलेल्या कोळशातील कार्बन एका ग्रॅमनेही घटत नाही. आयात केलेला हा कोकिंग कोळसा कुळे येथून ब्रागांझा घाट चढून कर्नाटकातील पोलाद कारखान्यांकडे जातो. एका मालगाडीत साधारण साडेतीन हजार टन माल असतो आणि अशा एक टन कोळशातून अडीच टनांहून अधिक कार्बन डाय-ऑक्साइड निघतो. म्हणजे दूधसागरसमोरून वर जाणारी प्रत्येक भरलेली गाडी सुमारे नऊ हजार टन कार्बन डाय-ऑक्साइड वाहून नेत असते, फक्त अजून न जळलेल्या स्वरूपात. मोले येथील रेल्वेमार्गाच्या दुपदरीकरणाच्या वादात झाडे किती तोडली जाणार हा प्रश्न गाजला. त्या वाढीव रुळांवरून दरवर्षी किती कोळसा जाणार आणि त्याचे किती टन होणार, हा त्याहून मोठा आकडा कोणी मांडल्याचे माझ्या वाचनात नाही. झाडे तोडल्याने जाणारा कार्बन त्यापुढे अल्प ठरेल. अर्थात मोलेचे जंगल केवळ कार्बनचे गोदाम नाही, हेही येथेच सांगून ठेवतो.

जमिनीच्या वापराबद्दल थोडक्यात लिहितो. एक टन वाळलेल्या लाकडात अर्धा टन कार्बन असतो आणि तो जळून वा कुजून १.८ टन कार्बन डाय-ऑक्साइड होतो. तोडलेल्या जागी पुन्हा जंगल वाढले तर तो काही दशकांत परत येतो. मार्च २०२३ मध्ये म्हादई अभयारण्यात लागलेल्या आगींबाबत ही आशा धरता येते. नगर व ग्रामनियोजन कायद्याच्या कलम १७(२) वा ३९अ खाली जमिनीचा वापर बदलून बागायतीची वसाहत झाली, तर मात्र ती धरता येत नाही. खाजनांचे, म्हणजे बांध घालून भरतीच्या पाण्यापासून राखलेल्या सखल जमिनींचे, आणि खारफुटीचे महत्त्व याहून वेगळे आहे. खाऱ्या चिखलात ऑक्सिजन पोचत नाही, म्हणून तेथे गाडला गेलेला पाला शेकडो वर्षे कुजत नाही; बांध फुटू दिला, मानशीची, म्हणजे बांधातील पाणी आत-बाहेर सोडणाऱ्या झडपेची, देखभाल सोडली, मग भराव टाकून जमीन उंच केली, की तो साठा हवेला उघडा पडतो. दिवाळीच्या पहाटे जळणाऱ्या नरकासुराला मात्र या प्रकरणी मी निर्दोष सोडतो; गवताचा नरकासुर त्याच पावसात उगवलेला कार्बन परत करतो, त्याच्या पोटात भरलेल्या प्लास्टिकचे आणि मध्यरात्रीच्या कर्ण्यांचे गुन्हे वेगळे आहेत.

विमानांचा उल्लेख टाळता येणार नाही, कारण जानेवारी २०२३ मध्ये मोपा सुरू झाल्यापासून एवढ्याशा राज्याला दोन विमानतळ झाले आहेत. विमानाचे एक किलो इंधन ३.१६ किलो कार्बन डाय-ऑक्साइड देते, आणि दिल्लीहून गोव्याला एका बाजूने येणाऱ्या प्रवाशाच्या वाट्याला शंभर किलोंहून थोडा अधिक येतो. देशांतर्गत उड्डाणे निदान भारताच्या खात्यात पडतात; परदेशी चार्टर विमानांचे आणि खनिज नेणाऱ्या जहाजांचे इंधन कोणत्याच देशाच्या बेरजेत धरले जात नाही, ते स्वतंत्रपणे नोंदवून बाजूला ठेवतात.

भारताने इतिहासात हवेत सोडलेला कार्बन पाश्चात्त्य देशांच्या मानाने थोडा आहे. अमेरिकेचे दरडोई उत्सर्जन आजही आपल्या सहा-सातपट आहे, आणि तरीही भारताने नोव्हेंबर २०२१ मध्ये ग्लासगो येथे २०७० पर्यंत निव्वळ शून्य उत्सर्जनाचा शब्द दिला. या पार्श्वभूमीवर गोव्यातील सामान्य माणसाने पंखा बंद करून बसावे असे मला सुचवायचे नाही. देशाच्या सरासरीचा आडोसा गोव्यासारख्या, उत्पन्नात देशात अग्रभागी असणाऱ्या राज्याने घ्यावा का, एवढाच माझा प्रश्न आहे. कोरब्याजवळच्या खेड्यातल्या माणसाची कमी वीज आणि आपली जास्त वीज यांची सरासरी काढून आपण निर्दोष ठरत नाही.

यासाठी नवे खाते नको, नवी समिती तर मुळीच नको. लागणारे बहुतेक आकडे आजही कोणाच्या ना कोणाच्या वहीत आहेत. किती युनिटे आणि कोठून घेतली हे वीज खात्याला ठाऊक असते. किती पेट्रोल, डिझेल आणि गॅस खपला हे तेल कंपन्या आणि वाणिज्य कर खाते जाणतात. मच्छीमार ट्रॉलरांच्या डिझेलवर करपरतावा दिला जातो, म्हणजे त्याचेही लिटर नोंदलेले असतात. किती कोळसा उतरला हे बंदर प्राधिकरण आणि किती वाघिणी चढल्या हे रेल्वे जाणते. खनिजाच्या प्रत्येक टनावर स्वामित्वधन आकारले जात असल्याने खाण खात्याकडे तोही आकडा आहे. ते एका तक्त्यात, दोन रकान्यांत यावेत: एका रकान्यात गोव्याच्या हद्दीत जळलेले, आणि दुसऱ्यात गोव्यासाठी वा गोव्यातून जाऊन बाहेर जळलेले. दुसऱ्या रकान्याची कायदेशीर जबाबदारी आपल्यावर नसली तरी तो छापला जावा. वीज बिलाच्या तळाशी युनिटांच्या शेजारी किलोंचा एक आकडा छापायला तर शाईखेरीज खर्च नाही. आणि काब द रामच्या किल्ल्यावर पर्यटकांसाठी जो माहितीफलक असेल, त्यावर या कड्यावरून जगाची हवा मोजली गेली होती, अशा दोन ओळी आणि त्या मोजणीचा आलेख असावा, म्हणजे काणकोणच्या शाळकरी मुलांना तो हवाईच्या पर्वताआधी आपल्या गावात पाहायला मिळेल.

वाचकांपैकी जे विधानसभा सदस्य असतील, त्यांच्यापैकी एकाने येत्या अर्थसंकल्पीय अधिवेशनात हा दोन रकान्यांचा तक्ता तारांकित प्रश्नाद्वारे मागावा, अशी माझी आपल्या पत्रामार्फत विनंती आहे. संबंधित खात्यांनी आकडे दिले नाहीत, तर ते का दिले नाहीत याचे उत्तरही सभागृहाच्या कामकाजात नोंदले जाईल.

आपला,
एक निवृत्त रसायनशास्त्र शिक्षक,
फोंडा, गोवा